खंयसून हाडलंस?

आमच्या घरात जे घडलं, ते लिहावं की नाही यावर आम्ही दोघं नवरा-बायको बरेच दिवस बोलत होतो. घरातली गोष्ट घरात राहावी असं एकाला वाटत होतं, तर अशा गोष्टी घरात दडवून ठेवल्यामुळेच पुढच्या घरात पुन्हा घडतात असं दुसऱ्याला. शेवटी अब्बांनाच विचारलं. घरात लहानथोर सगळे त्यांना अब्बाच म्हणतात. ते म्हणाले, "बरया, पण नाव घालू नको." म्हणून नाव न घालता लिहीत आहोत.

सप्टेंबर २०२३ मधली गोष्ट. गणपतीसाठी मुंबईकर चाकरमान्यांनी मालवण भरून गेलं होतं. त्या वर्षी अनंत चतुर्दशी आणि ईद-ए-मिलाद एकाच दिवशी, २८ सप्टेंबरला आली होती, म्हणून जुलूस दुसऱ्या दिवशी काढायचं ठरलं. आमचा मोठा मुलगाही रजा जोडून मुंबईहून आला होता. धाकटा एकोणीस वर्षांचा, कॉलेजात शिकतो. इशाची नमाज झाली, जेवणं झाली, की तो पडवीत कोपऱ्यात बसून कानात बोंडं घालून मोबाइल बघत बसायचा. तीन-चार रात्री हे चाललं. एका रात्री आम्ही मागे जाऊन उभे राहिलो तर पडद्यावर पिस्तूल, रक्त, आणि के. के. मेननचा थकलेला चेहरा.

मालिकेचं नाव 'बंबई मेरी जान'. प्राइम व्हिडिओवर १४ सप्टेंबरला आलेली, दहा भागांची. आधी आम्ही रागावलो. शिव्या तर इतक्या, की अम्मीसमोर आवाज मोठा करायची सोय नाही. पण मोठा मुलगा म्हणाला, "बंद करून काय होणार? तो बाहेर जाऊन बघेल. तुम्ही आधी बघा तरी काय आहे ते." बोलणं पटलं. मुलाने काय बघू नये हे सांगायचं तर ते आपल्याला ठाऊक असायला हवं. म्हणून अम्मी झोपायला गेल्यावर आम्ही टीव्हीवर ती लावू लागलो. अब्बा आरामखुर्चीत डोळे मिटून पडलेले असायचे. आम्हाला वाटायचं, त्यांना झोप लागली आहे.

ज्यांनी पाहिली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. इस्माईल कादरी हा स्वातंत्र्यानंतरच्या मुंबईतला इमानदार पोलीस. स्मगलिंगचं साम्राज्य चालवणाऱ्या हाजीला पकडणं हे त्याचं काम. पण नोकरी जाते, घरात चूल पेटेनाशी होते, आणि ज्याला पकडायचं त्याच हाजीच्या दाराशी जायची पाळी येते. बायको सकीना हे सगळं बघते. मुलगा दाराही बघतो, आणि इमानदारीने आपल्या घराला उपासच दिले असा धडा घेतो. पुढे हाच दारा शहराचा डॉन होतो. मालिकेत गोळीबार भरपूर आहे, पण खरी लढाई बाप आणि मुलामध्ये आहे.

ही कथा एस. हुसैन झैदी यांची. त्यांचं 'डोंगरी टू दुबई' हे पुस्तक २०१२ साली आलं. नावं बदलली असली तरी मागचं खरं घर कुणाचं हे सगळ्यांना कळतं. दाऊद इब्राहिमचे वडील इब्राहिम कासकर मुंबई पोलिसांत हेड कॉन्स्टेबल होते. गाव मुंबके, तालुका खेड, जिल्हा रत्नागिरी. म्हणजे आपल्याच कोकणातलं, आपल्यासारख्याच माणसांचं घर. २०२० साली त्या गावातल्या मालमत्तांचा सरकारने लिलाव केला तेव्हा टीव्हीवर पडकं घर आणि आमराई दाखवत होते. ते बघताना आम्हाला घर परकं वाटलं नव्हतं. तीच पडवी, तशीच कौलं.

तिसऱ्या की चौथ्या रात्री समुद्रातून माल उतरवण्याचा प्रसंग चालला होता. मागे जोरदार संगीत, माणसांची दमदार वाक्यं. आणि आरामखुर्चीतून आवाज आला.

"ह्या खोटा. पेटी उचलताना कोण एवढो बोलणा नाय. त्या वक्ताक तोंडातली थुंकी सुकता."

आम्ही वळून पाहिलं. अब्बांचे डोळे उघडे होते. धाकट्याने हसत विचारलं, "अब्बा, तुमका कसा म्हायत?"

अब्बा बराच वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "टीव्ही बंद कर."

१९७१ साल. पावसाळा सरून नुकत्याच होड्या समुद्रात लोटल्या होत्या. अब्बा तेव्हा चोवीस वर्षांचे, रापणीवर आणि मिळेल त्या होडीवर खलाशी म्हणून जायचे. रापण म्हणजे किनाऱ्यावरून सगळ्यांनी मिळून ओढायचं जाळं. मासळी आली तर वाटा, नाही आली तर रिकामे हात. त्या वर्षी पावसाने घराचं झापांचं छप्पर कुजवलं होतं. अब्बांची धाकटी बहीण ओलीत झोपून सारखी आजारी पडायची. अशात एका तांडेलाने विचारलं, "रात्रीची एक खेप आहे, येतोस?"

त्या काळात सोन्याच्या आयातीवर बंदी होती. १९६८ च्या सुवर्ण नियंत्रण कायद्याने तर सामान्य माणसाला सोन्याचं बिस्किट घरात ठेवणंही गुन्हा ठरवला होता. म्हणून दुबईहून दहा-दहा तोळ्यांची बिस्किटं गलबतांतून यायची. सोबत विलायती घड्याळं, टेरिलीनचं कापड. मुंबईत हाजी मस्तान आणि त्याच्यासारख्यांची नावं झाली ती याच धंद्यावर. पण मुंबईत नाव होणाऱ्याच्या खाली किनाऱ्यावर शेकडो हात लागायचे. त्यांतले दोन हात आमच्या अब्बांचे होते.

"निवतीच्या दिव्याचो झोत फिरत होतो," अब्बा म्हणाले. झोत येईल तेव्हा खाली वाकायचं, गेला की पेटी उचलायची. तीन तासांत काम झालं. पेटीत काय होतं ते त्यांनी पाहिलं नाही. हातात तीनशे रुपये आणि टेरिलीनचा एक तुकडा पडला. महिनोन्महिने रापण ओढूनही तेवढे पैसे दिसत नसत.

त्या पैशांतून मंगलोरी कौलं आली. अब्बांचे वडील जाळी विणायचे आणि वाडीतल्या मशिदीत अजान द्यायचे. कौलांचा ढीग अंगणात पाहून त्यांनी मुलाला विचारलं, "खंयसून हाडलंस?" कुठून आणलंस?

अब्बांनी सांगितलं, मुंबईच्या मामाने धाडले. वडिलांनी एकदा त्यांच्याकडे पाहिलं आणि वजू करायला निघून गेले. पुन्हा कधी विचारलं नाही. आईला तर ठाऊकच होतं, कारण मामाचं पत्र आलं असतं तर ते तिनेच कुणाकडून तरी वाचून घेतलं असतं. तिनेही काही विचारलं नाही. टेरिलीनचा तुकडा तेवढा उचलून ट्रंकेच्या तळाशी ठेवला. त्याचं तिने कधी काही शिवलं नाही आणि तो फेकलाही नाही.

अब्बा म्हणाले, बापाने दुसऱ्यांदा विचारलं असतं तर मी सांगून टाकलं असतं. त्या रात्री त्यांनी हे वाक्य दोनदा उच्चारलं.

दुसऱ्या खेपेचं बोलावणं आलं तेव्हा अब्बा तापाने फणफणले होते. त्यांच्या जागी शेजारचा मुलगा गेला. त्या रात्री होडी पकडली गेली. तो मुलगा तुरुंगात गेला, सुटून आला, पण गावात थांबला नाही. मुंबईला गेला तो परत आलाच नाही. मागे त्याची आई उरली.

आता आम्हाला एक जुनी गोष्ट उमगली. आमच्या लग्नापासून आम्ही बघत आलो होतो की अब्बांच्या वाट्याची मासळी घरी आली की पहिला वाटा गल्लीच्या टोकाच्या एका म्हातारीकडे जायचा. नातं काय, कुणाला सांगता येत नसे. अम्मी म्हणायची, "अब्बांचो नेम आसा." ती म्हातारी अल्लाहला प्यारी होईपर्यंत तो नेम चुकला नाही.

"माका लोक चांगलो म्हणतत," अब्बा म्हणाले. "मी चांगलो म्हणान वाचलंय नाय. ताप इलो म्हणान वाचलंय."

धाकटा मान खाली घालून ऐकत होता. पंख्याचा आवाज तेवढा येत होता.

आणखी एक आठवण सांगायला हवी. मे २०२१ मध्ये तौक्ते वादळ आमच्या किनाऱ्याला घासून गेलं. माड पडले, वीज कित्येक दिवस नव्हती, आणि आमच्या घराची बहुतेक कौलं उडून फुटली. सकाळी अब्बा अंगणात फुटक्या कौलांकडे बघत उभे होते. आम्ही त्यांना धीर द्यायला गेलो तर म्हणाले, "बरा झाला." आम्हाला वाटलं, वयामुळे काहीतरी बोलून गेले. आता घरावर पत्रे आहेत. वाचलेली कौलं विहिरीमागे रचून ठेवली आहेत, आणि अब्बा ती कुणाला विकू देत नाहीत, देऊ देत नाहीत. तीनशे रुपयांच्या कितीतरी पट रक्कम त्यांनी पुढे हळूहळू गरजूंना दिली, सवाबाची नियत न ठेवता. एका आलिमांना त्यांनी "एका माणसाचं असं झालं" म्हणून विचारलं होतं म्हणे. तो माणूस कोण, हे आलिमांनी विचारलं नाही.

मालिका पुन्हा सुरू झाली ती चार दिवसांनी. पण आता आम्ही तिच्यात वेगळंच शोधत होतो. डॉन कसा मोठा होतो यापेक्षा त्याच्या घरात जेवताना कोण काय विचारतं, इकडे आमचं लक्ष लागलं होतं.

आमचा एक भाचा व्यापारी जहाजावर आहे. तोही तेव्हा सुट्टीवर आला होता. तो म्हणाला, हे दाखवणारी सगळ्यांत गाजलेली मालिका अमेरिकेतली, 'द सोप्रानोज'. १९९९ ते २००७ अशी आठ वर्षं चालली, ८६ भाग झाले. न्यू जर्सीतला टोनी सोप्रानो हा इटालियन वंशाचा माफिया. बाहेर त्याला सगळे घाबरतात, पण घरी त्याला चक्कर येते, छाती धडधडते आणि गुपचूप मानसोपचाराच्या डॉक्टरीणबाईंकडे जावं लागतं. भाच्याने त्यातले दोन प्रसंग आम्हाला समजावून सांगत दाखवले.

एकात टोनीची मुलगी मेडो कॉलेज बघायला बापासोबत गाडीतून जाते आहे. वाटेत ती सरळ विचारते, तुम्ही माफियात आहात का? बाप आधी उडवून लावतो, मग थोडं कबूल करतो. दुसऱ्यात टोनीची बायको कार्मेला एका वयस्क डॉक्टरांकडे मन मोकळं करायला जाते. ते तिला सांगतात की मुलांना घेऊन त्या घरातून बाहेर पड. आणि तिच्याकडून फीसुद्धा घेत नाहीत, कारण तो पैसा रक्ताचा आहे. ती ऐकते, रडते आणि त्याच घरात परत जाते. तिच्या घरात सगळं आहे, मोठी गाडी, दागिने, मुलांचं महागडं शिक्षण. फक्त 'कुठून आणलंस' हा प्रश्न त्या घरात कुणी विचारत नाही.

आम्हाला ट्रंकेच्या तळाशी पडलेला टेरिलीनचा तुकडा आठवला. कुठे न्यू जर्सीचा बंगला आणि कुठे आमची ट्रंक, पण गप्प बसणं सारखंच.

आपल्या सिनेमांनीही हे पाहिलं आहे. १९७५ च्या 'दीवार'मध्ये एक भाऊ स्मगलर, एक पोलीस, आणि आई निवड करते ती गरीब घराची. १९९९ च्या 'वास्तव'मध्ये मराठी घरातला रघू गुंड होतो, आणि शेवटी आईच त्याच्यावर गोळी झाडते. आमचा मोठा मुलगा 'वास्तव'चं नाव मुद्दाम घेतो. तो म्हणतो, १९८२ च्या गिरणी संपानंतर ज्या कोकणी घरांतली पोरं टोळ्यांत गेली त्यांत सावंतवाडी-मालवणचे हिंदू होते, मुसलमानही होते. दोघांची भूक सारखीच होती. मग पडद्यावर डॉन म्हटला की दरवेळी आपलीच टोपी, आपलाच सुरमा, आपलीच अजान का?

त्याचा राग उगाच नाही. मुंबईत त्याला एका ठिकाणी भाड्याची खोली जवळजवळ मिळाली होती. आगाऊ रक्कम ठरली होती. मग नाव आणि गाव विचारलं गेलं, आणि दुसऱ्या दिवशी खोली 'दुसऱ्याला दिली' असं कळलं. १२ मार्च १९९३ ला मुंबईत बारा ठिकाणी स्फोट झाले, २५७ माणसं गेली. स्फोटकं रायगडच्या किनाऱ्यावर उतरवली होती. त्यानंतर या समुद्रावर 'ऑपरेशन स्वान'ची गस्त आली, २६ नोव्हेंबर २००८ नंतर मच्छीमारांना ओळखपत्रं आली. गस्त हवीच, तिच्याबद्दल तक्रार नाही. पण ज्यांनी कधी एक काडी इकडची तिकडे केली नाही अशा कितीतरी घरांना त्या दिवसापासून आपलं गाव सांगताना आवंढा गिळावा लागतो. स्फोट घडवणाऱ्यांनी ज्यांचे जीव घेतले त्यांचा गुन्हा तर केलाच. आपल्या भाईबंदांचं तोंडही त्यांनी काळं केलं.

भाचा म्हणाला, त्याच्या जहाजावरचा इटालियन इंजिनिअर सोप्रानोचं नाव काढलं की असाच चिडतो. अमेरिकेतल्या इटालियन संघटनांनीही त्या मालिकेविरुद्ध आवाज उठवला होता. २००२ साली न्यूयॉर्कच्या महापौरांनी कोलंबस दिनाच्या मिरवणुकीला त्या मालिकेतल्या दोन कलाकारांना बोलावलं, तर आयोजकांनी त्यांना येऊ दिलं नाही. म्हणजे हे दुखणं आपल्या एकट्याचं नाही.

आम्हाला मात्र दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या वाटतात. पडद्यावर वारंवार आपलाच चेहरा गुन्हेगार म्हणून दाखवणं अन्यायाचं आहे. आणि आमच्या घरावर १९७१ साली चढलेली कौलं हलालची नव्हती, हेही खरं आहे. पहिली गोष्ट मोठ्याने बोलायची आणि दुसरी ट्रंकेत ठेवायची, हे आम्हाला आता जमत नाही.

या सगळ्याचा शेवट कुठे झाला ते सांगतो. धाकट्याच्या हातात उन्हाळ्यापासून नवा मोबाइल होता. आम्ही तो पाहिला होता, पण विचारलं नव्हतं. पोरगं मोठं झालंय, कमावत असेल, असं मनाशी म्हणून टाळलं होतं. अब्बांच्या गोष्टीनंतर आम्हाला झोप लागेना. दुसऱ्या दिवशी असरनंतर त्याला अंगणात बसवलं आणि विचारलं, "हा फोन कुठून आणलास?"

तो उसळला. "चार महिने विचारलं नाही. आता अब्बांचं ऐकून माझ्यावर संशय?" आत गेला आणि एक वही आणून आमच्या पुढ्यात टाकली. तारकर्लीला पर्यटकांच्या होडीवर एप्रिल-मे काम केल्याचा रोजचा हिशेब होता त्यात, तारीखवार. आमची मान खाली गेली. आम्ही माफी मागितली.

तो उठला नाही. थोड्या वेळाने स्वतःच बोलला. एका ओळखीच्या मुलाने त्याला विचारलं होतं. गोव्यातून गाडी आणायची, इन्सुलीचा नाका चुकवून आडवाटेने कणकवलीपर्यंत. एका रात्रीचे पाच हजार. गाडीत काय आहे ते बघायचं नाही. त्याने हो म्हटलं नव्हतं. नाहीही म्हटलं नव्हतं.

निवतीचा झोत आणि इन्सुलीचा नाका. मधे अर्धं शतक गेलं, आणि 'काय आहे ते बघायचं नाही' हे वाक्य तसंच राहिलं.

आम्ही त्याला उपदेश केला नाही. दारू पिणाराच नव्हे तर वाहून नेणाराही गुन्ह्यात धरला आहे, हे मदरशात तो लहानपणीच शिकला आहे. दारूबंदी कायद्यात गाडी जप्त होते आणि आत जातो तो चालक, मालाचा मालक मागे नामानिराळा राहतो, हेही त्याला ठाऊक होतं. माहिती त्याच्याकडे होती. पण ते ओझं कुणाजवळ उतरवावं, हे त्याला कळत नव्हतं. त्याने आमच्यासमोरच त्या मुलाला फोन लावला आणि नाही म्हणून सांगितलं. पलीकडून हसण्याचा आवाज आला. तो मुलगाही कुणाच्या तरी घरातलाच आहे. त्याच्या घरी कुणी विचारतं का, हा विचार आम्हाला अजून छळतो. धाकट्याच्या परवानगीने आम्ही त्या घरी जाऊन आलो. चहा मिळाला, बोलणं नीट झालं नाही. पुन्हा जायचं आहे.

हजरत नूह अलैहिस्सलाम यांच्या मुलाची गोष्ट आपण सगळ्यांनी ऐकली आहे. बाप नावेतून हाका मारत राहिला, आणि मुलाला वाटलं डोंगर आपल्याला वाचवेल. म्हणजे नबीच्या घरातही मुलगा वेगळ्या वाटेने जाऊ शकतो. इस्माईल कादरी जीव तोडूनही दाराला थांबवू शकत नाही, तेव्हा त्याला नालायक बाप म्हणायची आम्हाला हिंमत होत नाही. पण हाक मारत राहणं बापाच्या हातात असतं. कयामतच्या दिवशी माणसाला त्याच्या संपत्तीबद्दल दोन गोष्टी विचारल्या जातील, कुठून मिळवली आणि कुठे खर्च केली, असं आपण हदीसमध्ये ऐकतो. त्यातला पहिला प्रश्न घरातच, वेळेवर, प्रेमाने विचारला गेला तर पुढचा हिशेब सोपा होईल.

हा प्रश्न फक्त मुलांनाच विचारायचा असं नाही. धाकट्याने आता आम्हालाही विचारायला सुरुवात केली आहे. परवा घरात एक नवी मिक्सर आली, तर स्वयंपाकघराच्या दारात उभा राहून हसत म्हणाला, "खंयसून हाडलास?" आम्ही पावती दाखवली.

अब्बा आरामखुर्चीतून ऐकत होते. म्हणाले, "अशीच चौकशी आमच्या वक्ताक होवक् होयी होती." आणि अजान झाली म्हणून काठी शोधू लागले.